परीक्षकाचा निकाल आणि कोर्टाची पायरी



निकाल मुकाट्याने मान्य करावा की त्याविरुद्ध दाद मागावी, हा प्रश्न प्रपंचात प्रत्येकाला कधी ना कधी पडतोच. शेताच्या बांधाचा निकाल असो, भावाभावांच्या वाटणीचा असो, की शाळेतल्या मुलाच्या बक्षिसाचा असो. तो मनाविरुद्ध लागला की मनुष्य म्हणतो, 'माझ्यावर अन्याय झाला.' आता तो खरोखर अन्याय असतो की नुसता अपेक्षाभंग असतो, हे ओळखणे मोठे कठीण. दोन्हींचे दुःख सारखेच आणि दोन्हींचे अश्रू खारटच. पण एकाची दाद मागणे हा धर्म होय आणि दुसऱ्याची दाद मागणे हा केवळ मोह होय. हा भेद कसा ओळखावा, एवढाच आजचा विषय.

विचार अधांतरी राहू नये म्हणून एक चालते-बोलते उदाहरण घेऊ. ते आपल्या मुलखातले नाही, केरळातले आहे. तेथे शाळकरी मुलांच्या कलास्पर्धांचे निकाल गेली कित्येक वर्षे थेट उच्च न्यायालयापर्यंत जात आहेत. आपल्याकडेही अभंगगायनाच्या, भजनाच्या, वक्तृत्वाच्या शालेय स्पर्धा होतात. दहावीच्या परीक्षेत शास्त्रीय कला, लोककला आणि चित्रकला यांसाठी वाढीव गुणही मिळतात. तेव्हा शेजाऱ्याच्या घरी जे घडले ते आपण डोळे उघडे ठेवून पाहिलेले बरे.

केरळातील या शालेय कलोत्सवाचा आरंभ 1957 सालच्या जानेवारीत एर्नाकुलम येथे झाला. त्या वेळचे शिक्षणसंचालक सी. एस. वेंकटेश्वरन यांनी दिल्लीचा आंतरविद्यापीठ युवक महोत्सव पाहिला होता. तसे काही आपल्या शाळांतील लेकरांसाठी असावे, हा त्यामागचा शुद्ध हेतू. पहिल्या वर्षी काही शेकडा मुले आली. आज शाळा, उपजिल्हा, जिल्हा आणि राज्य अशा चार पायऱ्या चढून हजारो मुले राज्याच्या रंगमंचावर येतात आणि सुमारे अडीचशे प्रकारांत स्पर्धा होते. कथकली आहे, मोहिनीअट्टम आहे, ओट्टनतुळ्ळल आहे, मुसलमान घरांतील ओप्पना आहे, ख्रिस्ती समाजाची मार्गमकळी आहे. संस्कृताचा स्वतंत्र उत्सव आहे. अक्षरश्लोकम् नावाची श्लोकांची स्पर्धा आहे; तीत आधीच्या श्लोकाच्या तिसऱ्या चरणाचे पहिले अक्षर धरून पुढच्याने आपला श्लोक म्हणायचा. शाळेतल्या पोरांनी शेकडो श्लोक मुखोद्गत करून असा डाव मांडावा, हे ऐकून आमच्यासारख्या पाठशाळेत वाढलेल्या माणसाचे मन भरून येते. असा उत्सव देशात विरळाच.

पण अमृताच्या घटाभोवतीच भांडण लागते, हे समुद्रमंथनापासून चालत आले आहे. 1986 पासून सर्वांत जास्त यश मिळवणाऱ्या मुलीला 'कलातिलकम्' आणि मुलाला 'कलाप्रतिभा' अशा पदव्या मिळू लागल्या. पदवी मिळालेल्या मुलांची छायाचित्रे वर्तमानपत्रांत झळकत, काहींना पुढे सिनेमात कामे मिळत. ज्या जिल्ह्याचे गुण सर्वांत जास्त त्याला सोन्याचा करंडक. तोही थोडाथोडका नव्हे, 117.5 पवनांचा. केरळात एक पवन म्हणजे 8 ग्रॅम. म्हणजे 940 ग्रॅम सोने झाले. शिवाय श्रेणी मिळाली की दहावी-बारावीच्या परीक्षेत वाढीव गुण. चढाओढ फारच वाढली तेव्हा 2006 च्या सुमारास त्या दोन्ही पदव्या बंद केल्या आणि श्रेणी द्यायला सुरुवात झाली. ओढ मात्र थांबली नाही. 2025 च्या जानेवारीत तिरुवनंतपुरम येथे त्रिशूर जिल्ह्याला 1008 गुण मिळाले आणि पालक्काडला 1007. एका गुणाने करंडक गेला! ज्या खेळात अडीचशे परीक्षणांची बेरीज एका गुणावर येऊन टेकते, तेथे प्रत्येक परीक्षकाच्या लेखणीकडे संशयाने पाहिले जाणार, यात नवल ते काय?

आता दाद कशी मागतात ते ऐका. जिल्ह्यातून प्रत्येक प्रकारात एकच जण राज्यस्पर्धेला जातो. ज्याला निकाल पटला नाही त्याने शुल्क भरून अपील समितीकडे जावे. तेथे अपील फेटाळले तर कोर्ट. कोणी उच्च न्यायालयात गेले, कोणी लोकायुक्तांकडे, कोणी खालच्या मुन्सिफ कोर्टात, कोणी बालहक्क आयोगाकडे. तेथून 'याला राज्यस्पर्धेत भाग घेऊ द्या' असा हुकूम मिळाला की ते मूल अनामत रक्कम भरून रंगमंचावर येते. जिल्ह्यातून रीतसर निवडलेल्या मुलापेक्षा त्याचे प्रदर्शन सरस ठरले तर रक्कम परत. नाही तर गेली. योजना वाईट नाही. पण अपिले इतकी वाढली की ज्या स्पर्धेत चौदा जिल्ह्यांची चौदा मुले यायची, तेथे वीस-वीस, पंचवीस-पंचवीस येऊ लागली. वेळापत्रक कोलमडले. संध्याकाळची स्पर्धा मध्यरात्र उलटून पहाटेला टेकू लागली. अंगावर जड पोशाख, तोंडाला रंग, पोटात अन्न नाही, अशी लहान लेकरे पडद्यामागे पेंगत आपल्या नावाची वाट पाहू लागली. आणि 2018 च्या जानेवारीत त्रिशूरच्या कलोत्सवात तर कहर झाला. बालहक्क आयोगाच्या नावाने बनावट हुकूम तयार करून मुलांना रंगमंचावर चढवल्याचे उघडकीस आले; पोलीस तपास झाला, अटका झाल्या. लेकराच्या हक्कांचे रक्षण करणाऱ्या संस्थेचा खोटा शिक्का, आणि तो वापरायचा लेकराच्याच नाचासाठी! त्या मुलाने त्या दिवशी कोणती कला शिकली असेल, याचा वाचकांनीच विचार करावा.

येथे कोणी पूर्वपक्ष मांडील: 'महाराज, तुम्ही सांगता ते ठीक. पण परीक्षक लबाड असला तर? पैसे घेऊन निकाल फिरवला तर? गरिबाच्या पोराने वर्षभर घाम गाळावा आणि बक्षीस धनवंताच्या पोराने न्यावे, हे काय निमूट सोसायचे? संतोष शिकवणे सोपे आहे हो, पण तो संतोष नेहमी दुबळ्यालाच का शिकवायचा?'

हा आक्षेप खरा आहे आणि तो टाळून पुढे जाणे आम्हाला शोभणार नाही. अन्यायाविरुद्ध दाद मागणे संतांना वर्ज्य नव्हते. निवृत्तिनाथ, ज्ञानदेव, सोपानदेव आणि मुक्ताई ही चार लेकरे आळंदीहून पायी पैठणला गेली ती कशासाठी? शुद्धिपत्रासाठी. आपला काही दोष नसता समाजाने आपल्याला बाहेर ठेवले, तेव्हा त्यांनी ब्रह्मसभेपुढे जाऊन आपले म्हणणे मांडले. 'प्रारब्धात होते ते झाले' म्हणून ती घरी बसली नाहीत. म्हणून ज्याचा हक्क हिरावला गेला त्याने योग्य सभेत उभे राहावे, हे आम्ही मान्यच करतो. त्याला सहनशीलतेचा उपदेश करणारा मनुष्य कळत नकळत लबाडाचा वकील होतो.

तेव्हा मुद्दा दाद मागावी की नाही हा नाही. कशाची दाद मागावी, हा आहे. याचा निवाडा भरतमुनींनी फार पूर्वी करून ठेवला आहे. नाट्यशास्त्राच्या सत्ताविसाव्या अध्यायात नाट्याच्या सिद्धीचा विचार आहे आणि तेथे 'प्राश्निक' म्हणजे परीक्षक कोण असावेत ते सांगितले आहे. एकटा एक पंडित सर्वज्ञ म्हणून बसवावा, असे मुनी म्हणत नाहीत. यज्ञ जाणणारा, नर्तक, छंद जाणणारा, व्याकरण जाणणारा, राजा, धनुर्धर, चित्रकार, गणिका, गायक-वादक आणि राजसेवक असे दहा प्रकारचे जाणकार सांगितले आहेत. यज्ञाचा प्रसंग यज्ञ जाणणाऱ्याने पाहावा, उभे राहण्याची ठेवण धनुर्धराने पाहावी, वेषभूषा चित्रकाराने पाहावी. ज्याला जे कळते त्याने तेवढेच बोलावे, हे त्यातले मर्म. त्यांनी रंगमंचापासून बारा हात अंतरावर बसावे. म्हणजे फार जवळही नाही आणि फार दूरही नाही. दोष टिपून ठेवायला लेखक असावेत. आणि आमच्या विषयाला सर्वांत लागू पडणारी गोष्ट ही की, दोष कोणामुळे घडला ते पाहावे. दैवाने आलेले विघ्न आणि शत्रूने मुद्दाम केलेला गोंधळ नटाच्या खात्यावर मांडू नये. त्याच्या स्वतःच्या चुकीने घडले तेवढेच मांडावे. दोघे तुल्यबळ ठरले तर राजाच्या आज्ञेने दोघांनाही पताका द्यावी. बघा, केवढी ही न्यायबुद्धी!

यावरून तीन गोष्टी वेगळ्या काढता येतात. पहिली, नियमभंग: वेळ कमी दिली, ध्वनिक्षेपक बंद पडला, रंगमंचाची फळी हलत होती, गुणांची बेरीज चुकली. दुसरी, लबाडी: परीक्षक स्पर्धकाचाच गुरू निघाला किंवा पैशांची देवघेव झाली. तिसरी, रुचिभेद: परीक्षकाला एकीचा अभिनय भावला, दुसरीचा भावला नाही. पहिल्या दोन गोष्टींना साक्षीपुरावा असतो, म्हणून त्यांची दाद मागता येते आणि मागावी. तिसरीला पुरावा कोठून आणणार? रस हा ज्या क्षणी रंगला त्या क्षणी सहृदयाने अनुभवायचा. तो कागदपत्रांच्या पुडक्यात बांधून न्यायाधीशापुढे ठेवता येत नाही. आपली न्यायालयेही साधारणपणे हाच मार्ग धरतात. जाणकारांनी दिलेल्या गुणांच्या जागी ती आपले गुण बसवीत नाहीत. निवड करताना नियम मोडला का, दुष्ट बुद्धी होती का, एवढेच पाहतात. 2022 च्या अखेरीस केरळ उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती व्ही. जी. अरुण यांनी अशा याचिका फेटाळल्या, तेव्हा कायद्याबरोबर चार गोष्टी आईबापांनाही ऐकवल्या. कलोत्सव ही श्रीमंती मिरवण्याची जागा नव्हे. जिंकण्यापेक्षा भाग घेणे मोलाचे. आणि हार पचवण्याची तयारी आईबापांची नसली तर मूल खचते, असा त्यांचा आशय होता. ऐपत नसलेली गुणी मुले या खर्चापायी मागे राहतात, हेही त्यांनी दाखवले. न्यायासनावरून आलेला हा शब्द कीर्तनातल्या शब्दाइतकाच हितकर आहे.

म्हणजे निकाल 'कसा' लागला, हे विचारायला कोर्ट आहे. निकाल 'काय' लागला, हे विचारायला नाही. आता प्रत्येक हरणारा आपल्या 'काय'ला 'कसा'चा अंगरखा चढवतो, हीच खरी अडचण. दुखावलेल्या मनाला नियमभंग दिसायला कितीसा वेळ लागतो? म्हणून आम्ही एक कसोटी सांगतो; ती कोर्टात चालणार नाही, पण अंतःकरणात चालते. आपल्या मनाला विचारावे: हाच दोष आपल्या पदरात यश टाकून गेला असता, तर आपण तक्रार केली असती काय? बेरजेची चूक आपल्या मुलीच्या बाजूने झाली असती, तर ती दाखवायला आपण धावलो असतो काय? उत्तर 'हो' असेल तर आपले भांडण न्यायासाठी आहे. खुशाल कोर्टाची पायरी चढावी. उत्तर 'नाही' असेल तर आपले भांडण बक्षिसासाठी आहे. न्यायाचे नुसते नाव पुढे केले आहे.

कालिदासाला ही नाडी अचूक सापडली होती. 'मालविकाग्निमित्र' नाटकात गणदास आणि हरदत्त या दोन नृत्याचार्यांत श्रेष्ठ कोण याचा वाद लागतो. शिष्येचे नृत्य पाहून गुरूची योग्यता ठरवायची आणि परीक्षक परिव्राजिका कौशिकी. गणदासाची शिष्या मालविका नाचते. हरदत्ताची पाळी आली तोवर मध्यान्ह होते आणि त्याचे प्रदर्शन पुढे ढकलले जाते. कारण राजाला स्पर्धा पाहायचीच नव्हती, त्याला मालविका पाहायची होती! भांडण गुरूंचे, डाव विदूषकाचा, हेतू राजाचा. आणि नाचली कोण? बिचारी मालविका. आजही आम्हाला तेच चित्र दिसते. भांडण दोन शिक्षकांचे असते, प्रतिष्ठा दोन शाळांची असते, पैसा बापाचा असतो आणि हौस आईची असते. याचिकेवर नाव तेवढे लेकराचे! त्या लेकराला कोणी विचारले आहे काय की, बाळ, तुला पुन्हा नाचायचे आहे का?

हार कशी घ्यावी, याचा पाठ मात्र आपल्या घरातच आहे. तेरच्या गोरोबाकाकांच्या अंगणात संतमंडळी जमली होती. मुक्ताईच्या सांगण्यावरून काकांनी मडकी पारखायचे थापटणे हाती घेतले आणि एकेकाच्या मस्तकावर थापटत गेले. सगळे शांत बसले. नामदेवराय मात्र चिडले. काकांनी निकाल दिला, 'हे मडके कच्चे!' भरसभेत, सर्व संतांसमोर. आणि नामदेव कोण? ज्याच्या हातचा नैवेद्य प्रत्यक्ष पांडुरंगाने खाल्ला, तो. ते तडक पंढरीला गेले आणि थेट पांडुरंगापुढे गाऱ्हाणे घातले. अहो, यापेक्षा वरचे कोर्ट कोणते? आणि न्यायाधीश तर जिवलग सखा! पांडुरंगाने ते सगळे ऐकून घेतले, हाकलून दिले नाही. पण निकालही फिरवला नाही. 'गोरोबा म्हणतो ते खरे आहे. विसोबा खेचरांकडे जा,' असे सांगितले. नामदेव गेले, गुरुकृपा झाली, मडके पक्के झाले. पुढे त्यांनी पंजाबपर्यंत नामाचा गजर नेला आणि आजही शिखांच्या गुरू ग्रंथसाहिबात त्यांची पदे आहेत. त्या दिवशी पांडुरंगाने लाडापोटी निकाल फिरवला असता तर? नामदेवांना जय मिळाला असता, विसोबा मात्र मिळाले नसते.

या कथेतील परीक्षेकडेही नीट पाहावे. परीक्षक त्या कलेतला मुरलेला. थापटणे सर्वांना एकच. परीक्षा सर्वांसमक्ष. काकांचा त्यात कवडीचा लाभ नाही. म्हणून तो निकाल मानायला नामदेव बांधील होते. परीक्षकात हे गुण नसतील तर त्याला गोरोबांचा मान मागण्याचा अधिकार नाही. तेव्हा संतोषाचा उपदेश आईबापांना करण्याआधी आयोजकांना चार गोष्टी सांगितल्या पाहिजेत. परीक्षक जाणते नेमावेत. स्पर्धकांशी नाते असेल तर त्यांनी आपण होऊन बाजूला व्हावे. गुण का कापले ते दोन ओळींत लिहून मुलाच्या हाती द्यावे. आणि तक्रार ऐकायची तर आठ दिवसांत ऐकावी, शुल्क गरिबाला परवडेल इतकेच ठेवावे. आमचा भजनस्पर्धांतला अनुभव असा की, 'तुझा दुसरा अंतरा बेताल गेला' एवढे मायेने सांगितले तरी मुलाचा अर्धा राग निवतो. कारण न सांगता दिलेला निकाल काट्यासारखा सलतो.

आणि परीक्षकही मनुष्यच आहे, हे विसरू नये. 2024 च्या मार्चमध्ये केरळ विद्यापीठाच्या युवक महोत्सवात मार्गमकळीच्या परीक्षणावरून पैसे घेतल्याचा आरोप झाला. परीक्षकांना अटक झाली. त्यांतील एक नृत्यशिक्षक पुढे आपल्या घरी मृतावस्थेत सापडले. आपण पैसे घेतले नाहीत, असे त्यांनी लिहून ठेवले होते. तो महोत्सव शाळेचा नव्हता, मोठ्या मुलांचा होता. पण रोग तोच. दोषी कोण हे ठरवणे आमचे काम नाही. एका नृत्याच्या निकालापायी एक प्राण जावा, एवढी किंमत कोणत्या करंडकाची आहे? 'लबाड' हा शब्द तोंडातून काढण्यापूर्वी आपल्याजवळ पुरावा आहे की नुसता राग आहे, हे शंभरदा तपासावे. चुकीचा निकाल पुढच्या वर्षी सुधारतो. गेलेला माणूस परत येत नाही.

कोणी म्हणेल, मग स्पर्धाच बंद करा. तसे आम्ही म्हणत नाही. स्पर्धेमुळे मुले तयारी करतात, मरू घातलेल्या कला जगतात. केरळच्या उत्सवाने कितीतरी कला नव्या पिढीच्या हाती दिल्या, हे त्याचे पुण्य कोणी नाकारू नये. पण कला हे फळ आहे आणि बक्षीस ही त्यावरची साल आहे. सालीसाठी भांडताना फळ मातीत पडू नये, एवढेच. ज्या मुलीने मोहिनीअट्टम शिकले, तिचे ते शिकणे कोणताही परीक्षक काढून घेऊ शकत नाही आणि कोणतेही कोर्ट ते वाढवून देऊ शकत नाही. तिच्या पायांत आलेला ताल तिचाच. निकालाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी ती पुन्हा आपण होऊन घुंगरू बांधते की नाही, यावर आईबापांनी लक्ष ठेवावे. बांधत असेल तर ती जिंकली. बांधत नसेल तर आधी तिच्याजवळ बसावे. वकिलाकडे जायचे की नाही ते मग ठरवावे.

वारकऱ्यांना हे वेगळे सांगायला नको. आपल्या दिंडीत शेकडो टाळकरी चालतात. कोणाचा टाळ घोटीव असतो, कोणाचा थोडा मागेपुढे पडतो. चुकणाऱ्याकडे शेजारचा वारकरी नुसते पाहून हसतो आणि आपला टाळ जरा ठळक वाजवतो. चार पावलांत त्याचा हात सरळ होतो. तेथे परीक्षक आहे, परीक्षा आहे, सुधारणाही आहे. अपील तेवढे नाही. शाळेच्या रंगमंचावर ते सगळेच जमणार नाही, हे आम्ही जाणतो. पण मुलांना स्पर्धेला पाठवताना त्यातले थोडे शिदोरीला बांधून द्यावे. इति शम्.

रामकृष्ण हरि.